थांबवायचं बटण कोणाच्या हातात? सालदाराच्या वहीपासून यूपीआय ऑटोपेपर्यंत

(ऐकायला वेळ नसलेल्यांसाठी या भागाचा लेखी मजकूर. बोलताना जे "म्हणजे", "आहे ना" येतात त्यातले बरेच काढलेत, सगळे नाही.)

आजचा विषय ऐकून काही जण म्हणतील, हा काय इतिहासाचा विषय आहे? फोनमधून दर महिन्याला आपोआप पैसे कापले जातात, ते बंद कसे करायचे. यूट्यूबवर दोन मिनिटांचा व्हिडिओ बघा की. बघा, हरकत नाही. पण तो व्हिडिओ एक गोष्ट सांगत नाही. सुरू करायला एक टिचकी आणि बंद करायला अख्खी दुपार, असं का? त्याला इतिहास आहे, आणि त्यातला काही आपल्या नंदुरबार जिल्ह्यातला आहे.

सुरुवात फोनपासून नाही करत. सुरुवात आखाजीपासून.

खानदेशात अक्षय तृतीयेला आखाजी म्हणतात हे तुम्हाला माहीत आहे. घागर, आंब्याचा रस, झोके, माहेरी आलेल्या मुली हे सगळं आहेच. पण त्याच दिवशी सालदाराचं साल संपायचं आणि नवं साल लागायचं. सालदार म्हणजे वर्षाच्या कराराने शेतमालकाकडे राबणारा गडी. शहादा-तळोद्याकडे तो बहुतेक भिल्ल असायचा. वर्षाची मजुरी ठरायची, काही धान्यात, काही पैशात. आणि मधे लागेल तशी उचल. लग्न, आजारपण, बियाणं. उचल लिहिली जायची मालकाच्या वहीत. आखाजीला हिशेब व्हायचा आणि उचल फिटलेली नसली की पुढचं साल त्याच मालकाकडे. कागदावर करार एका वर्षाचा, पण आपोआप पुढे चालू.

आता लगेच कुणी म्हणेल, हा ॲपच्या १४९ रुपयांची तुलना सालदारकीशी करतोय. नाही करत. एकात माणसाचं आयुष्य जात होतं, दुसऱ्यात एका रिचार्जचे पैसे जातात. मला फक्त यंत्रणा दाखवायची आहे. वही एकाच्याच हातात असते, नोंद तोच करतो, आणि "आता पुरे" म्हणायचं तर त्याच्याकडेच जावं लागतं. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला शहाद्यात जी चळवळ उभी राहिली, अंबरसिंग सुरतवंती आणि १९७२ नंतरची श्रमिक संघटना, तिच्यात जमिनीबरोबर सालदारांच्या मजुरीचा प्रश्न मोठा होता. कर्जापोटी माणूस बांधून ठेवणं देशभर बेकायदा ठरलं ते ऑक्टोबर १९७५ च्या वटहुकुमाने, आणि कायदा झाला १९७६ मध्ये.

वहीचा राग त्याच्या शंभर वर्षं आधीही निघाला होता, आपल्याकडे नाही, पुणे-नगरकडे. मे १८७५ मध्ये सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखती जाळली. चार वर्षांनी सरकारने दख्खन शेतकरी कायदा केला. त्यातलं एक कलम मला प्रोग्रामर म्हणून फार आवडतं. कर्जदाराने पैसे भरले की सावकाराने पावती द्यायची आणि मागितला की हिशेब दाखवायचा. म्हणजे १८७९ मध्ये कुणाच्या तरी डोक्यात आलं होतं की नोंदीची प्रत दुसऱ्या बाजूलाही मिळाली पाहिजे.

आता वर्गणी हा शब्द घ्या. सबस्क्रिप्शनला मराठीत हा शब्द आधीपासून आहे, आणि आपण तो गणपतीपुरता ठेवलाय. मासिकाचा वर्गणीदार असायचा. भारतीय टपाल खात्याने १८७७ मध्ये व्ही.पी. सुरू केली, म्हणजे पोस्टमनच्या हातात पैसे द्या आणि पार्सल घ्या. मासिकांनी ती उचलली. वर्गणी संपली की पुढचा अंक व्ही.पी.ने यायचा, नको असेल तर आधी कळवा अशी सूचना असायची. बघा हं, गप्प राहिलात तर होकार धरला जाणार, ही कल्पना ॲपवाल्यांनी शोधलेली नाही. पण एक मोठा फरक होता. पोस्टमन दारात उभा असायचा आणि "नको" म्हटलं की तो पार्सल परत न्यायचा. तो मासिकाचा नोकर नव्हता. आणि तोवर तुमचे पैसे तुमच्याच खिशात असायचे. नुकसान झालं तर संपादकाचं.

हा फरक लक्षात ठेवा. पुढची सगळी गोष्ट या पोस्टमनच्या गायब होण्याची आणि परत येण्याची आहे.

पोस्टमन गायब झाला तो प्रीपेड मोबाइल आल्यावर. माझ्या वयाच्या लोकांनी शाळेत असताना हे पाहिलंय. घरात एकच फोन, त्यात ५० रुपयांचा बॅलन्स, आणि सकाळी उठून बघावं तर ३० गायब. कॉलरट्यून लागलेली. कुणी लावली? कुणीच नाही. फोन आला, गाणं वाजलं, "आवडलं तर स्टार दाबा" असं काहीतरी हिंदीत ऐकू आलं आणि आजीने कानाला लावताना बटण दाबलं. राशिभविष्य, क्रिकेटचे स्कोअर, विनोद, सगळं असंच. व्हॅल्यू ॲडेड सर्व्हिस म्हणे! २०११ च्या जनगणनेत नंदुरबारची साक्षरता ६४ टक्क्यांच्या आसपास होती, महाराष्ट्रात सर्वांत कमी. लोकसंख्येत ६९ टक्के आदिवासी, घरात बोलायला भिली, पावरी, अहिराणी, गुजरी. आणि पैसे कापल्याचा मेसेज इंग्रजीत. उसतोडीला गुजरातेत गेलेल्या माणसाचा बॅलन्स असा गेला की घरी फोन करणं बंद. तेव्हा ३० रुपये म्हणजे ३० रुपयेच होते.

ट्रायने जुलै २०११ मध्ये कंपन्यांना बजावलं की अशी सेवा लावली तर ग्राहकाचा होकार नोंदवून घ्या. एवढ्याने भागलं नाही, कारण होकार नोंदवणारा आणि विकणारा एकच. मग जुलै २०१३ चा आदेश आला. त्यात म्हटलं की दुसरा होकार घ्या, आणि तो तिसऱ्याच्या मालकीच्या यंत्रणेतून, सेवा विकणाऱ्याच्या नव्हे. आणि बंद करायला सगळ्या कंपन्यांसाठी एकच फुकट नंबर, १५५२२३. माझ्या मते या सगळ्या इतिहासातली ही सर्वांत हुशार ओळ आहे. तिची फारशी आठवण कुणी काढत नाही, कारण तीन वर्षांत खेळच बदलला. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आलं, पाठोपाठ सगळेच पॅकवर गेले, आणि प्रीपेडचा सुटा बॅलन्स ही चीजच जवळपास संपली. चोरायला गल्ला उरला नाही.

गल्ला हलला बँकेच्या खात्यात. आणि इथे परत आपला जिल्हा येतो. २९ सप्टेंबर २०१० रोजी देशातलं पहिलं आधार शहादा तालुक्यातल्या टेंभलीत दिलं गेलं, पंतप्रधान मनमोहन सिंग स्वतः आले होते. ऑगस्ट २०१४ मध्ये जनधन खाती सुरू झाली. आधार, खातं, मोबाइल नंबर एकमेकांना जोडले गेले, आणि त्यावर यूपीआय चढलं. मजुरी खात्यात, योजनेचे पैसे खात्यात, आणि खातं फोनमध्ये.

शहरातल्या कार्डवाल्यांची लढाई वेगळीच चालली होती. भारतात ऑनलाइन कार्ड वापरताना २००९ पासून दुसरा पासवर्ड, म्हणजे पुढे ज्याला आपण ओटीपी म्हणायला लागलो ते, सक्तीचं आहे. परदेशी कंपन्या मात्र कार्ड नंबर ठेवून घेऊन दर महिन्याला परस्पर पैसे ओढत होत्या. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०१९ मध्ये नियम काढला की दर वेळी येणाऱ्या वसुलीसाठी ई-मँडेट हवं. नोंदणीला ओटीपी हवा, पैसे कापायच्या किमान २४ तास आधी सूचना हवी, आणि त्या सूचनेतच नको म्हणायची सोय हवी. मर्यादा आधी २,००० रुपये होती, मग ५,०००, आणि जून २०२२ पासून १५,०००. विमा हप्ता, म्युच्युअल फंड आणि क्रेडिट कार्डाचं बिल यांच्यासाठी डिसेंबर २०२३ पासून एक लाख. बँका आणि कंपन्या मुदत मागत राहिल्या, शेवटी १ ऑक्टोबर २०२१ ला नियम खरोखर लागला. त्या महिन्यात असंख्य लोकांची पेमेंट अडकली. माझ्या टीममध्ये रिझर्व्ह बँकेला काय काय बोललं गेलं ते इथे सांगत नाही. मला विचाराल तर हा पोस्टमन परत आल्याचा दिवस होता. थांबवायचं बटण विकणाऱ्याकडून निघून बँकेकडे आलं.

यूपीआय ऑटोपे जुलै २०२० मध्ये आलं, आणि तिथेही मँडेट तुमच्या यूपीआय ॲपमध्ये दिसतं, तिथूनच रद्द होतं. मग अडचण काय राहिली?

अडचण अशी. मागच्या उन्हाळ्यात तळोद्याला शेजारच्या काकांचा फोन हातात घेतला. तीन मँडेट चालू होती. त्यातली दोन ॲप फोनमध्ये नव्हतीच. काका म्हणाले, "ॲप ते काढी टाकं मी, आते कसाना पैसा कटस?" प्रश्न अगदी बरोबर आहे. दुकानाकडे जाणं बंद केलं तर उधारी का वाढावी? पण ॲप म्हणजे फक्त दुकानाची पाटी. करार ॲपमध्ये नसतो, तो तुमच्या बँकेत आणि यूपीआयच्या यंत्रणेत नोंदलेला असतो. पाटी काढली, वही तशीच.

आणि ती नोंद कशी झाली? "फक्त १ रुपयात सात दिवस." पिन टाकताना पडद्यावर १ रुपया ठळक आणि खाली बारीक अक्षरात मँडेटची कमाल रक्कम, किती दिवसांनी, कधीपर्यंत. पिन आपण १ रुपयासाठी टाकतो, सही मात्र त्या खालच्या ओळीवर होते. २४ तास आधीची सूचना येते, नाही असं नाही, पण ती येते दिवसाच्या चाळीस जाहिरातींच्या मेसेजांमध्ये. कलम पाळलं गेलं, पावती दिली, वाचली कुणी नाही. १८७९ च्या कायद्याचंही हेच दुखणं होतं, अंगठा उठवणाऱ्याच्या हातात पावती देऊन काय होणार.

बाहेरच्या देशांतही हीच रस्सीखेच आहे. जर्मनीने १ जुलै २०२२ पासून वेबसाइटवर करार रद्द करायचं बटण सक्तीचं केलं. अमेरिकेत अमेझॉनच्या आतल्या लोकांनी प्राइम रद्द करायच्या प्रक्रियेला "इलियड" नाव ठेवलं होतं, ते लांबलचक युद्धकाव्य. ते खटल्यात बाहेर आलं, आणि सप्टेंबर २०२५ मध्ये कंपनीने अडीच अब्ज डॉलरवर तडजोड केली. आपल्याकडे ३० नोव्हेंबर २०२३ ला केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने तेरा "डार्क पॅटर्न" बेकायदा ठरवले. त्यात "सबस्क्रिप्शन ट्रॅप" नावानिशी आहे. रद्द करायचं बटण लपवणं, रद्द करणं मुद्दाम किचकट करणं, फुकट सेवेसाठी आधीच पेमेंटची माहिती मागणं, हे सगळं त्यात येतं. बटण काढणारे माझ्यासारखेच लोक असतात, हेही सांगून टाकतो. राखाडीवर राखाडी अक्षर चुकून होत नाही, कुणीतरी ते ठरवून तसं लिहितं.

आता कामाचं. तुमच्या यूपीआय ॲपमध्ये प्रोफाइल उघडा, ऑटोपे किंवा मँडेट असं लिहिलेलं असेल. एकाहून जास्त यूपीआय ॲप असतील तर प्रत्येकात बघा. नको ते निवडा, रद्द करा, पिन मागेल, टाका. प्ले स्टोअरमधून घेतलेलं असेल तर तिथल्या सबस्क्रिप्शनच्या यादीतूनही काढा. कार्डावरचं बँकेच्या ई-मँडेट पानावर. बँक ऐकत नसेल तर तिच्याकडे लेखी तक्रार, तीस दिवसांत उत्तर नाही तर रिझर्व्ह बँकेचा लोकपाल. कंपनीबद्दल असेल तर ग्राहक हेल्पलाइन १९१५. एक सावध राहा, मँडेट रद्द केलं म्हणजे पैसे जाणं थांबतं, देणं संपत नाही. कर्जाचा हप्ता असेल तर तो तसाच उभा राहतो, वर दंड.

आणि रद्द करण्याच्या झपाट्यात एक नोंद काढू नका. मे महिन्याच्या शेवटी पासबुकात ४३६ आणि २० रुपये कापलेले दिसले, तर ते बहुधा २०१५ पासून चालू असलेल्या जीवनज्योती आणि सुरक्षा विम्याचे. आधी ३३० आणि १२ होते, जून २०२२ पासून वाढले. वर्ष १ जून ते ३१ मे. अर्ज तुम्ही केला होता का, हे शाखेत जाऊन विचारा, तो तुमचा हक्क आहे, आणि नको असेल तर लेखी देऊन बंद होतो. पण दोन-दोन लाखांचं संरक्षण आहे, मी माझ्या घरच्यांचं चालू ठेवलंय. खात्यात तेवढे पैसे मात्र त्या आठवड्यात हवेत, नसले तर विमाच थांबतो. वारसाचं नाव बरोबर लागलंय का, तेही त्याच फेरीत बघून घ्या.