मधूच्छिष्ट : अग्नीच्या शाळेतील एक विद्या

देवाची पालखी देवळाबाहेर येते, दिवट्यांच्या उजेडात उत्सवमूर्तीचे मुख झळकते, आणि पाहणाऱ्याच्या मनात सहज येते की हे रूप मनुष्याच्या हातचे नव्हे. धातूच्या मूर्तींविषयी लोकांत ज्या कथा चालतात, त्यांतही हाच भाव असतो. कोणी म्हणतो, मंत्राने अग्नी वश केला. कोणी म्हणतो, ओतणाऱ्यास सिद्धी होती. या श्रद्धेचा उपहास करण्याचा आमचा हेतू नाही. परंतु ज्यास आपण चमत्कार म्हणतो, त्याची रीत आपल्याच एका ग्रंथात स्पष्ट लिहून ठेविलेली आहे, हे आमच्या वाचकांच्या ध्यानात आणून द्यावे, असे आम्हांस वाटते.

हा ग्रंथ म्हणजे 'मानसोल्लास' अथवा 'अभिलषितार्थचिंतामणि'. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या नावावर तो असून इ. स. ११३० च्या आसपास रचला गेला. ही कल्याणी म्हणजे आजच्या बीदर जिल्ह्यातील बसवकल्याण. ग्रंथाच्या पाच विंशती आहेत. त्यांत राज्यकारभारापासून पाकक्रियेपर्यंत शंभर विषय आले आहेत. बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत १९२५ साली त्याचा पहिला खंड छापला गेला, आणि पोथ्यांत पडलेली ही विद्या अभ्यासकांच्या हाती आली.

मूर्ती ओतण्याच्या या रीतीस 'मधूच्छिष्टविधान' म्हणतात. मधूच्छिष्ट म्हणजे मेण. शब्दशः पाहू गेल्यास, मधाचे उष्टे. जे उच्छिष्ट आपण देवापुढे कधी ठेवणार नाही, त्यातच देवाचे रूप प्रथम आकार घेते! आमच्या पूर्वजांनी हा शब्द सहज वापरला. त्यात त्यांस काही वावगे वाटले नाही.

ग्रंथातील क्रम असा. प्रथम मेणाची संपूर्ण मूर्ती घडवावी. तिच्या पाठीस, खांद्यास अथवा मुकुटास धोतऱ्याच्या फुलासारख्या तोंडाच्या मेणाच्याच नळ्या जोडाव्या. मग जळलेले तूस, बारीक चिरलेला कापूस आणि थोडे मीठ घालून माती मऊ वाटावी, व तिचे लेप द्यावे. पहिला लेप पातळ. तो सावलीत वाळला म्हणजे दुसरा. आणि शेवटचा जाड. नंतर साचा तापवावा, म्हणजे मेण वितळून बाहेर पडते व आत मूर्तीची पोकळी राहते. त्याच तप्त साच्यात मुशीतील वितळलेला धातू नळीच्या तोंडापर्यंत ओतावा. साचा आपोआप निवू द्यावा, माती जपून फोडावी, नळ्या कापून टाकाव्या आणि मूर्ती उजळावी.

यातील प्रत्येक गोष्टीस कारण आहे. लेपात ओल राहिली तर तप्त धातूच्या स्पर्शाने तिची वाफ होते व साचा फुटतो. म्हणून वाळवण्याची घाई नाही. तूस व कापूस यांमुळे माती तडकत नाही, आणि कोंडलेल्या वायूस वाट मिळते. साचा थंड असेल तर धातू बोटांच्या टोकांपर्यंत पोहोचण्यापूर्वीच गोठतो.

सर्वांत मोलाचा भाग वजनाचा. मेण आधी तोलावे. चांदी त्याच्या १२ पट घ्यावी, सोने १६ पट, असे ग्रंथ सांगतो. आज मोजून पाहता चांदी मेणाहून सुमारे ११ पट जड भरते. नळ्यांत राहणारा व वाया जाणारा धातू धरला, तर १२ पट हे प्रमाण चोख ठरते. शुद्ध सोने मात्र मेणाच्या सुमारे २० पट जड असल्याने १६ पट त्यास अपुरे पडते. भेसळीच्या सोन्यास ते जुळते. यावरून दिसते की ही वाणी सिद्धपुरुषाची नसून भट्टीजवळ तराजू घेऊन बसलेल्या मनुष्याची आहे. तो मनुष्य सोमेश्वर राजा खचितच नव्हे. राजाने लिहविले, सांगितले कोणा ओतारीनेच असणार. राजाचे नाव राहिले, त्याचे राहिले नाही.

ही विद्या सोमेश्वराहूनही फार जुनी. मोहेंजोदडोची साडेदहा सेंटिमीटर उंचीची नर्तकी याच रीतीने ओतलेली. अहिल्यानगर जिल्ह्यातील दायमाबाद येथे १९७४ साली रथ, हत्ती, गेंडा व रेडा अशी चार कांस्यशिल्पे सापडली. त्यांचे एकत्रित वजन साठ किलोंहून अधिक आहे. तीही मेणावरूनच ओतली गेली, असे मानतात. आणि तंजावरजवळील स्वामीमलै येथे आजही मेणात राळ मिसळून मूर्ती घडतात, व कावेरीकाठच्या मातीचे लेप चढतात. या शाळेस इमारत नव्हती. बापाची भट्टी हीच शाळा, आणि मुलाचे भाजलेले बोट हाच पहिला धडा.

येथेच आमचे मुख्य म्हणणे येते. एखाद्या कृतीस जादू म्हटले की तिचा मान वाढतो असे वाटते. वस्तुतः तो घटतो. जादू शिकता येत नाही व शिकविता येत नाही. जादूगारास मजुरी किती द्यावी, हेही कोणी विचारीत नाही. विद्या म्हटले म्हणजे गुरू आला, शिष्य आला, दोघांचे पोट आले. ग्रंथ बडोद्यास सुरक्षित राहिला. परंतु माती किती ओली हे ग्रंथ सांगू शकत नाही, ते बोटच जाणते. ज्या गावी ते बोट उरले नाही, तेथे ग्रंथ असून नसल्यासारखा.

प्रत्येक मूर्तीसाठी साचा फोडावा लागतो, म्हणून अशी मूर्ती जगात एकच असते. आपल्या देवळांच्या पायऱ्यांवर, खांबांवर, घंटांवर देणगीदारांची नावे कोरलेली असतात, आणि ते योग्यच आहे. यापुढे जेथे नवी उत्सवमूर्ती घडविली जाईल, तेथे देवस्थानाच्या वहीत दात्याच्या नावाखाली ओतणाऱ्याचे नाव, गाव व वर्ष एवढे तरी लिहावे, अशी आमची विनंती आहे. मेण वितळून गेले म्हणून मूर्ती उभी राहिली. पण मेणाबरोबर मनुष्याचेही नाव वितळावे, असे कोणत्याही शास्त्रात सांगितलेले नाही.