कर्जखताच्या मागे पाहण्याचा अधिकार

हदगावात कर्ज आणि कोर्ट यांवर बोलायचं म्हटलं की गोष्ट लगेच बँकेच्या नोटिशीवर येते. आपण आधी थोडं मागं जाऊ. कारण प्रश्न जुना आहे. कर्जदारानं कागदावर अंगठा दिला, एवढ्यावर न्यायाधीशानं थांबायचं, की हा आकडा झाला कसा, हेही विचारायचं?

आम्ही तत्त्वज्ञान शिकवणारी माणसं याला वचनाचा प्रश्न म्हणतो. धर्मशास्त्रानं मात्र सरळ व्यवहारी उत्तर दिलं होतं, ते म्हणजे दामदुपट. एका वेळी मुद्दलाहून जास्त व्याज मागता येणार नाही. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात हा नियम आहे. (त्या ग्रंथातलं बाकी पुष्कळ टाकून देण्यासारखं आहे, हा भाग वेगळा.) मुंबई इलाख्यातल्या इंग्रजी कोर्टांनीही हिंदू कर्जदारापुरती दामदुपट मानली. मग कुणबी बुडाला कसा?

1859 साली मुदतीचा कायदा आला. साध्या कर्जखतावर दावा लावायला तीन वर्षं. हेतू चांगला होता, जुनी मढी उकरू नयेत. पण झालं उलटंच. तीन वर्षं भरत आली की सावकार म्हणायचा, नवं खत लिहून दे, नाहीतर दावा लावतो. समजा, हजार रुपये शेकडा 24 नं घेतले. तीन वर्षांत व्याज 720. नवं खत 1720 चं, आणि ते सगळं मुद्दल! आणखी तीन वर्षांनी आकडा 2958 वर. एकच खत राहिलं असतं तर दामदुपटीनं 2000 च्या वर जाता आलं नसतं. नियम मोडला नाही, फक्त दर तीन वर्षांनी नव्यानं सुरू केला.

अमेरिकेतल्या 1861 ते 65 च्या यादवी युद्धात कापूस वधारला, मग कोसळला, वर सरकारी शेतसारा वाढला. 12 मे 1875 ला पुणे जिल्ह्यात सुपे इथं बाजाराच्या दिवशी दंगा उसळला. लोकांनी मुख्यतः काय मागितलं? सावकाराचे कागद. ते जाळले. माणसांच्या जिवावर सहसा कोणी उठलं नाही. राग नेमका कुठं होता, हे यावरून कळतं.

त्यातून 1879 चा दख्खन शेतकरी कायदा आला. आम्हाला तो फार मोठा वाटतो. त्यानं न्यायाधीशाला खताच्या मागं जायला सांगितलं. देण्याघेण्याचा इतिहास पहिल्यापासून काढा, मुद्दल आणि व्याज वेगळं मांडा, मुद्दलात मिसळलेलं व्याज बाजूला करा. पण सुरुवातीला तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर एवढ्याच जिल्ह्यांना. आपण निजामाच्या राज्यात. इथं सावकारीचा कायदा यायला फसली 1349, म्हणजे 1939-40 उजाडलं.

सावकार मागं पडला, सोसायटी आणि बँक आली. आणि मार्च महिन्यात आपल्या गावागावांत ‘नवं-जुनं’ सुरू झालं. हा शब्द तुम्हाला समजवायला नको. जुनं कर्ज कागदावर फिटतं, नवं उभं राहतं, शेतकऱ्याच्या हातात फरक पडतो तेवढाच. व्याजही नव्या कर्जातून वळतं केलं असेल, तर 1859 चाच हिशोब झाला की नाही?

सावकारी कायद्यात दामदुपट अजून आहे, पण बँकेचं कर्ज त्यात मोडत नाही. शिवाय 1984 साली बँकिंग कायद्यात कलम 21-अ घातलं. व्याजाचा दर जबर आहे, एवढ्या कारणावरून कोर्टानं बँकेचं खातं उकरायचं नाही. बँकेत ठेवीदारांचा पैसा असतो, ती काही सावकार नव्हे, हे आपल्यालाही पटतं. पण दर ही एक गोष्ट, हिशोब ही दुसरी. दोन्ही एकच आहेत असं समजून कित्येक कर्जदार कोर्टात तोंडच उघडत नाहीत. रिझर्व्ह बँकेनं ठरवलेल्यापेक्षा जास्त व्याज लावलं, तर ते कोर्ट आजही पाहू शकतं. 2001 साली सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठानं रवींद्र खटल्यात बँकांची बाजू बरीचशी उचलून धरली, ठरल्याप्रमाणं व्याज मुद्दलात मिळवता येतं म्हणून सांगितलं. पण दंडव्याज मुद्दलात मिळवायचं नाही, आणि शेतीकर्जाला तिमाही चक्रवाढ नाही, पीक हाती येण्याचा काळ धरायचा, हेही सांगितलं. दुसरा भाग फारसा कोणी ऐकवत नाही.

2002 च्या सरफेसी कायद्यानं बँकेला कोर्टाशिवाय तारण जप्त करता येतं, पण शेतजमीन त्यातून वगळली आहे. म्हणून शेतीकर्जाचं भांडण पुष्कळदा तडजोडीसाठी लोकअदालतीत येऊन बसतं. तिथल्या निवाड्यावर अपील नाही. तेव्हा खातेउतारा तिथं जाण्याआधी मागायचा. शेवटच्या वर्षाचा नाही, पहिल्या कर्जापासूनचा, नव्या-जुन्याच्या प्रत्येक नोंदीसह. आणि त्यात मुद्दल किती, व्याज किती, दंडव्याज कुठं मिळवलं, हे घरातल्या शिकलेल्या पोराला एका कागदावर वेगळं मांडायला लावायचं.