कौटुंबिक माहितीपट : इतिहासाचे एक साधन
(आनंद पटवर्धन यांच्या 'वसुधैव कुटुंबकम्'च्या विशेष संदर्भात)

प्रस्तावना :
इतिहासलेखनात लिखित कागदपत्रांना अग्रस्थान दिले जाते. परंतु शासकीय दप्तरांत घरातील माणसांचा अनुभव क्वचितच उमटतो. गोंदिया जिल्ह्यातील देवरीसारख्या आदिवासीबहुल तालुक्यात तर मागील पिढ्यांचा बराचसा इतिहास वृद्धांच्या मुखीच असतो. अशा स्मृतींचे चित्रीकरण इतिहासाचे साधन ठरू शकते काय, याचा विचार प्रस्तुत निबंधात एका मराठी उदाहरणाच्या आधारे केला आहे.

पार्श्वभूमी :
आनंद पटवर्धन यांचा जन्म १९५० मध्ये मुंबईत झाला. 'राम के नाम' (१९९२) व 'जय भीम कॉम्रेड' (२०११) या त्यांच्या माहितीपटांचे विषय अनुक्रमे धार्मिक राजकारण व जातीय अन्याय हे होत. २०२३ मध्ये प्रदर्शित झालेला 'वसुधैव कुटुंबकम्' मात्र त्यांच्या आईवडिलांविषयी आहे. वृद्धापकाळातील आईवडिलांचे चित्रण त्यांनी घरगुती आठवण म्हणून केले होते. त्याचा माहितीपट पुढे अनेक वर्षांनी, दोघांच्या निधनानंतर सिद्ध झाला. त्याच वर्षी अॅमस्टरडॅमच्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवात त्यास उत्कृष्ट संकलनाचा पुरस्कार मिळाला.

आशय :
वडील बाळू पटवर्धन हे अहमदनगरच्या (आताचे अहिल्यानगर) पटवर्धन घराण्यातील. त्यांचे बंधू रावसाहेब व अच्युत हे स्वातंत्र्यसैनिक होते. अच्युतराव १९४२ च्या आंदोलनातील प्रमुख भूमिगत नेते म्हणून प्रसिद्ध आहेत. आई निर्मला या सिंधमधील भाई प्रताप यांच्या कन्या. फाळणीनंतर निर्वासित सिंधी बांधवांसाठी कच्छमध्ये गांधीधाम वसविण्यात भाई प्रताप यांचा पुढाकार होता. निर्मला यांनी शांतिनिकेतनात कलाशिक्षण घेतले व पुढे मृत्तिकाशिल्पात नाव मिळविले. अशा रीतीने एका घराच्या कथेत स्वातंत्र्यलढा आणि फाळणी या दोन्ही घटना एकत्र येतात. पाठ्यपुस्तकातील नेते येथे दीर, भाऊ, वडील या नात्यांनी भेटतात. थट्टामस्करी, आजारपण व वार्धक्य यांतून त्या पिढीचा स्वभावही प्रकट होतो. अशा गोष्टींना दप्तरात जागा नसते.

साधनाची चिकित्सा :
या साधनाच्या मर्यादाही स्पष्ट आहेत. प्रश्न विचारणारा मुलगाच असल्याने जिव्हाळा वाढतो, परंतु तटस्थता कमी होते. स्मृती निवडक असते आणि संकलनात पुन्हा निवड होते. म्हणून तारखा व घटनाक्रम यांसाठी समकालीन कागदपत्रांचा पडताळा आवश्यक ठरतो. तथापि घटना कशी घडली यासोबतच ती घरात कशी आठवली गेली, हाही इतिहासाचाच प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर अशा चित्रणात मिळते.

निष्कर्ष :
कौटुंबिक माहितीपट हे कागदपत्रांना पूरक असे साधन आहे. त्याचे मोल वेळेवर अवलंबून असते, कारण वृद्ध निवर्तल्यावर त्यांची साक्ष पुन्हा घेता येत नाही. पटवर्धन घराण्याचा इतिहास ग्रंथांतही काही अंशी सापडेल. ज्या घरांवर ग्रंथ लिहिले गेले नाहीत, त्यांच्याबाबतीत मात्र असे ध्वनिचित्रमुद्रण हाच एकमेव पुरावा ठरू शकतो. ग्रामीण महाविद्यालयांच्या इतिहास विभागांनी विद्यार्थ्यांकरवी आपापल्या घरांतील व गावांतील वृद्धांच्या मुलाखती, त्यांच्या संमतीने, ध्वनिचित्रमुद्रित करून जतन करणे म्हणूनच निकडीचे आहे.