खाष्ट सासूचें श्रेय

पेशवाईंतील 'ध' चा 'मा' झाल्याची आख्यायिका आपण सर्वांनीं शाळेंत ऐकलेली असते. घरांतील जुनें वैर, गादीची हांव, गारद्यांचा थकलेला पगार हें सारें बाजूस राहतें, आणि आनंदीबाईच्या हातून फिरलेलें एक अक्षर तेवढें ध्यानांत राहतें. मोठ्या घटनेला एका क्षणाचें कारण सांपडलें कीं आपलें मन निश्चिंत होतें. ललिता पवार यांच्या कारकीर्दीचा वृत्तांत सांगतांना आपण नेमकें हेंच केलें आहे.

ती गोष्ट प्रसिद्धच आहे. १९४२ सालीं 'जंग-ए-आझादी' च्या चित्रणांत भगवान यांनीं लगावलेली थप्पड भलतीच जोरानें बसली. ललिताबाईंच्या चेहऱ्यावरून वारें गेलें, उपचार दीर्घकाळ चालले, आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिकेचीं कामें संपलीं, व खाष्ट सासू जन्मास आली! येथवरच्या घटना खऱ्या. शेवटचा निष्कर्ष मात्र मला मान्य नाहीं. डोळा एका क्षणांत बिघडला. सासू पुढें तीन-चार तपें उभी करावी लागली.

मुळांत ही बाई केवळ देखणी नायिका नव्हती. १९१६ सालीं येवल्यास जन्मलेली ही अंबा बालवयांतच मूकपटांत शिरली. 'कैलास' (१९३२) या मूकपटाच्या निर्मितींत तिचा वांटा होता, आणि 'दुनिया क्या है' (१९३८) हा बोलपट तर तिनें स्वतः काढला. बाविशींतील तरुणीनें त्या काळीं चित्रपट काढावा, ही गोष्ट थपडेइतकी कोणी सांगत नाहीं. अपघातानंतर दोनच वर्षांनीं 'प्रभात' च्या 'रामशास्त्री' मध्यें ललिताबाई आनंदीबाई झाल्या, हा योगायोगहि मौजेचा.

व्ही. शांताराम यांच्या 'दहेज' (१९५०) मधील हुंड्यासाठीं सुनेला छळणारी सासू पाहून प्रेक्षक दांतओठ खात. त्या रागाचें मूळ पडद्यावर नव्हतें. थिएटरांत बसलेल्या कितीतरी सुनांना ती बाई घरून ओळखीची होती. ललिताबाईंनीं तिला राक्षसीण केली नाहीं. बाईला हुकूम चालविण्याची जी एकुलती एक जागा समाजानें ठेवली होती, ती सोडावयास तयार नसलेली म्हातारी त्यांनीं दाखविली. म्हणून ती अधिक झोंबते.

आतां त्याच डोळ्याचें दुसरें काम पाहावें. 'श्री ४२०' (१९५५) मधील केळीवाली गंगामाई घ्या, किंवा हृषीकेश मुकर्जी यांच्या 'अनाडी' (१९५९) मधील मिसेस डिसा. ही ख्रिस्ती घरमालकीण बेकार भाडेकरूवर तोंडाचा पट्टा सोडते आणि पाठीमागून आईची माया करते; शेवटीं त्या भाडेकरूच्याच मालकाच्या कारखान्यांतील विषारी औषधाला बळी पडते. येथें डोळा बारीक होतो तो कपटानें नव्हे, हंसूं लपविण्यासाठीं. व्यंग तेंच, अर्थ अगदीं उलट! थपडेनें सासू घडविली असेल, तर मिसेस डिसा कोणी घडविली? या भूमिकेस फिल्मफेअरचें पारितोषिक मिळालें, अर्थात् 'सहाय्यक' अभिनेत्रीचें. पुढें 'जंगली' (१९६१) मधील, घरांत हंसण्याचीच बंदी करणारी आई, आणि 'प्रोफेसर' (१९६२) मधील, बनावट म्हाताऱ्या प्राध्यापकावर भाळणारी करडी पालक (आम्हां प्राध्यापकांचा एवढा सन्मान अन्यत्र झालेला नाहीं) यांत त्यांनीं स्वतःच्याच दराऱ्याची यथेच्छ थट्टा करून घेतली.

१९८७ सालीं रामानंद सागर यांचें 'रामायण' दूरदर्शनवर सुरू झालें, तेव्हां त्यांची सत्तरी उलटली होती. पुढें अकरा वर्षांनीं पुण्यास त्यांचें निधन झालें. नायिका ललिता जिला ठाऊकच नव्हती अशी एक पिढी रविवारीं सकाळीं त्या संचासमोर बसे. तिनें पाहिली ती कैकेयीच्या कानाशीं लागलेली कुबडी मंथरा. कथेंत ही दासी दोन-चार प्रसंगांपुरतीच येते, पण तिच्यावांचून राम वनांत जात नाहीं.