दफ्तर नसलेल्या गावाचा इतिहास

अमेरिकेत काही वस्त्यांना स्वतःची नगरपालिका नसते. त्यांचा कारभार काउंटी पाहते. कॅन्सस राज्यातल्या गवताळ मैदानावरचं निकोडेमस हे असंच एक छोटंसं गाव. केंटकीहून आलेल्या, गुलामगिरीतून सुटलेल्या कृष्णवर्णीय कुटुंबांनी ते १८७७ मध्ये वसवलं. लाकूड दुर्मीळ, म्हणून सुरुवातीची घरं जमिनीत खोदलेली. १८८८ मध्ये रेल्वे गावाला वगळून गेली आणि दुकानंही उठून रुळांजवळ गेली.

‘रेल्वे आली नाही म्हणून गाव ओसरलं’ हे वाक्य लिहायला सोपं आहे. पण संशोधक म्हणून आपण विचारायचं, की आधी किती माणसं होती आणि नंतर किती? इथेच अडतं. नगरपालिकेचं दफ्तर नाही. १८९० च्या राष्ट्रीय जनगणनेचे बहुतेक कागद १९२१ च्या आगीमुळे नष्ट झाले. मग काय करायचं? कॅन्सस राज्य दर दहा वर्षांनी स्वतःची जनगणना करत असे. १८८५ आणि १८९५ च्या याद्या शेजारी ठेवल्या की कोण गेलं, कोण टिकलं हे कुटुंबागणिक तपासता येतं.

अर्थात यादीत फक्त राहणारे सापडतात. आज तिथे मोजकीच माणसं राहतात, पण दर जुलैमध्ये वंशज गावी जमतात. १९९६ पासून ते राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ आहे. म्हणून आराखडा लिहितानाच ठरवा: तुम्ही लोकसंख्या मोजताय की गाव?