समुद्र नसलेल्या देशाचे नौदल : एका सामान्यज्ञानाच्या प्रश्नामागचा इतिहास

१/१४
प्रश्नमंजुषेत हमखास येणारा एक प्रश्न आहे : ‘समुद्रकिनारा नसूनही नौदल बाळगणारा दक्षिण अमेरिकेतील देश कोणता?’ अपेक्षित उत्तर असते बोलिव्हिया. एक गुण मिळतो आणि आपण पुढच्या प्रश्नाकडे वळतो. आजचा धागा त्या एका गुणामागे राहून गेलेल्या इतिहासाविषयी आहे.

२/१४
आधी प्रश्नच तपासू. दक्षिण अमेरिकेत भूवेष्टित देश दोन आहेत, बोलिव्हिया आणि पॅराग्वे. नौदल दोघांकडेही आहे. म्हणजे प्रश्न काटेकोर नाही. तरीही प्रत्येक जण बोलिव्हियाचेच नाव घेतो, आणि त्याला कारण आहे. पॅराग्वेचे नौदल नद्यांसाठी आहे; बोलिव्हियाचे नौदल नद्या आणि सरोवरांत वावरत असले, तरी त्याची नजर गमावलेल्या समुद्राकडे आहे.

३/१४
होय, गमावलेल्या. १८२५ मध्ये स्वतंत्र झालेल्या आणि सिमोन बोलिव्हारचे नाव धारण केलेल्या या प्रजासत्ताकाला प्रशांत महासागराचा सुमारे ४०० किलोमीटर किनारा होता. हा प्रांत ‘लितोराल’ म्हणून ओळखला जाई. कोबिहा आणि अँटोफगास्टा ही त्याची बंदरे.

४/१४
मात्र हा किनारा राजधानीच्या फार जवळ कधीच नव्हता. मध्ये अँडीज पर्वताच्या रांगा आणि आटाकामाचे वाळवंट. बोलिव्हियाचा बराचसा व्यापार प्रत्यक्षात पेरूच्या आरिका बंदरातून चाले. अँटोफगास्टात वस्ती प्रामुख्याने चिलीच्या लोकांची, आणि भांडवल चिली व ब्रिटनचे. नकाशावर मालकी एकाची, जमिनीवर वावर दुसऱ्याचा. पुढच्या संघर्षाचे बीज इथेच पडले.

५/१४
वाळवंटात होते तरी काय? सोरा, म्हणजेच नायट्रेट. युरोपातील शेतांना खत म्हणून आणि दारूगोळ्याला कच्चा माल म्हणून तो हवा होता. किनाऱ्यावर समुद्रपक्ष्यांच्या विष्ठेचे थर, म्हणजे ग्वानो, होताच. ज्या ओसाड भूमीची सीमा नेमकी आखण्याची कुणाला निकड वाटली नव्हती, तिच्यातील प्रत्येक मैलाला एकाएकी किंमत आली.

६/१४
१८६६ आणि १८७४ च्या तहांनी २४ अंश दक्षिण अक्षवृत्त ही सीमा ठरली. १८७४ च्या तहात बोलिव्हियाने आणखी एक वचन दिले : २५ वर्षे चिलीच्या कंपन्यांवरील कर वाढवणार नाही. मधल्या काळात, १८७३ मध्ये, पेरू आणि बोलिव्हिया यांनी संरक्षणाचा गुप्त करार केला होता.

७/१४
१८७७ मध्ये भूकंप आणि त्सुनामीने हा किनारा उद्ध्वस्त केला. पाठोपाठ दुष्काळ आला. तिजोरी रिकामी झाली. फेब्रुवारी १८७८ मध्ये बोलिव्हियाने सोऱ्यावर दर क्विंटलमागे (जुन्या स्पॅनिश मापाने सुमारे ४६ किलो) १० सेंटाव्हो कर लावला. चिलीच्या मते हा तहाचा उघड भंग होता. बोलिव्हियाचे म्हणणे वेगळे : कंपनीशी झालेल्या करारास आमच्या संसदेची मंजुरी मिळालेली नव्हती, आणि हा कर त्या मंजुरीची अट आहे.

८/१४
कंपनीने कर नाकारला. राष्ट्राध्यक्ष हिलारियोन दासा यांच्या सरकारने तिची मालमत्ता जप्त करून लिलावाची तारीख ठरवली : १४ फेब्रुवारी १८७९. त्याच दिवशी चिलीचे सैन्य अँटोफगास्टात उतरले. एप्रिलमध्ये चिलीने बोलिव्हिया आणि पेरू या दोघांविरुद्ध युद्ध पुकारले. इतिहास याला ‘प्रशांत महासागराचे युद्ध’ म्हणतो.

९/१४
विरोधाभास पाहा : युद्ध समुद्राच्या नावाचे आणि बोलिव्हियाकडे लढाऊ जहाजच नाही! समुद्रावरची लढाई पेरूला लढावी लागली. ऑक्टोबर १८७९ मध्ये पेरूची ‘वास्कार’ ही चिलखती युद्धनौका चिलीच्या हाती लागली आणि सागरी वर्चस्वाचा प्रश्न निकाली निघाला. मे १८८० मधील ताक्नाच्या पराभवानंतर बोलिव्हिया रणांगणातून बाहेर पडला. जानेवारी १८८१ मध्ये चिलीची फौज पेरूच्या राजधानीत, लिमात, होती.

१०/१४
१८८४ मध्ये बोलिव्हियाशी युद्धबंदी झाली. अंतिम तहास मात्र १९०४ साल उजाडले. बोलिव्हियाने लितोराल कायमचा सोडला. मोबदल्यात ३ लाख पौंड, चिलीच्या बंदरांतून व्यापारी मालाची मुक्त वाहतूक आणि आरिका ते ला पाझ हा लोहमार्ग, जो १९१३ मध्ये सुरू झाला. गमावलेला प्रदेश सुमारे १ लाख २० हजार चौरस किलोमीटरचा. चुकिकामाता ही जगातील प्रचंड उघड्या तांब्याच्या खाणींपैकी एक खाण आज याच भूमीवर आहे. सोऱ्याचे महत्त्व कृत्रिम नायट्रेटने पुढे ओसरले. तांब्याचे ओसरले नाही.

११/१४
समुद्र गेल्यावर बोलिव्हियाची दृष्टी पूर्वेकडे वळली. पॅराग्वे नदीमार्गे अटलांटिक गाठता यावा, हे १९३२ ते १९३५ च्या चाको युद्धामागच्या कारणांपैकी एक होते. दोन भूवेष्टित देश एकमेकांशी झुंजले. बोलिव्हिया तेही युद्ध हरला आणि चाकोचा बहुतांश भाग पॅराग्वेकडे गेला.

१२/१४
मग १९६३ मध्ये नद्या व सरोवरांसाठी एक दल उभे राहिले. तेच पुढे नौदल झाले. समुद्रसपाटीपासून सुमारे ३,८०० मीटर उंचीवरील टिटिकाका सरोवरात त्याचे खलाशी तयार होतात. गस्त, तस्करीला आळा, पुरात मदत ही त्याची रोजची कामे. पण त्याच्या निळ्या ध्वजावर नऊ प्रांतांच्या नऊ लहान ताऱ्यांसोबत एक मोठा तारा आहे. तो समुद्रावरील हक्काचा तारा आहे.

१३/१४
दरवर्षी २३ मार्चला बोलिव्हिया ‘समुद्र दिन’ पाळतो. १८७९ मध्ये याच दिवशी कालामाजवळ एदुआर्दो आबारोआ शरण न जाता मारले गेले. चिली २१ मे रोजी आपला नौदल दिन साजरा करतो. त्याच वर्षी इकिके येथे आर्तुरो प्रात यांनी शत्रूच्या जहाजावर झेप घेऊन प्राण दिले. युद्ध एक, हुतात्मे दोन, धडे दोन. एका वर्गात मूल ‘आमचा समुद्र हिरावला’ असे शिकते, दुसऱ्यात ‘तह मोडला म्हणून आम्ही लढलो’ असे. २०१३ मध्ये बोलिव्हिया आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला. १ ऑक्टोबर २०१८ रोजी न्यायालयाने १२ विरुद्ध ३ मतांनी निर्णय दिला : समुद्रमार्गाविषयी वाटाघाटी करण्याचे कायदेशीर बंधन चिलीवर नाही. मात्र शेजारधर्माने संवाद चालू ठेवण्याची वाट मोकळी आहे, असेही न्यायालयाने नमूद केले. दोन्ही देशांत १९७८ पासून पूर्ण राजनैतिक संबंध नाहीत.

१४/१४
स्पर्धा परीक्षांची तयारी करणाऱ्या मित्रांनो, राजधान्या, सीमा, अक्षवृत्ते जरूर पाठ करा. त्यांच्याशिवाय पुढचे काहीच कळत नाही. पण नकाशावरील प्रत्येक सरळ रेषा कुणीतरी आखली आहे, आणि ती पुसली जाताना कुणीतरी हरले आहे. ‘बोलिव्हिया’ हे उत्तर बरोबर आहे. ‘समुद्र नसलेल्या देशाला नौदल का हवे?’ याचे उत्तर देता येऊ लागले, की इतिहास, राजकारण आणि भूगोल हे तीन वेगळे विषय उरत नाहीत. पुढच्या वेळी हा प्रश्न आला आणि कुणी हसले, तर त्या मोठ्या ताऱ्याविषयी त्यांना अवश्य सांगा.