पिवळे पुस्तक : एका शब्दाचा इतिहास

मराठी लोकमानसात पिवळा रंग हा मंगलाचा रंग आहे. लग्नघरी वधूवरांना हळद लागते, मुलीचे हात पिवळे होतात, जेजुरीच्या गडावर भंडारा उधळला जातो. असे असताना निव्वळ कामोद्दीपनासाठी छापलेल्या मजकुराला विसाव्या शतकातील मराठी बोलीने ‘पिवळे पुस्तक’ म्हणावे, हे प्रथमदर्शनी नवलाचे वाटते.

शास्त्राचा शब्द निराळा होता. ‘श्री’ नसलेले ते ‘अश्लील’, अशी त्याची परंपरागत व्युत्पत्ती. मम्मटाने ‘काव्यप्रकाशा’त या काव्यदोषाचे व्रीडा, जुगुप्सा आणि अमंगल असे तीन प्रकार सांगितले. म्हणजे अश्लीलतेचा निर्णय शब्दाच्या परिणामावरून करावयाचा. बोलीतील ‘पिवळे’ मात्र आतील मजकुराविषयी काहीच सांगत नाही. त्याचा निर्देश केवळ एका रंगाकडे आहे. मल्याळममध्येही अशा पुस्तकाला पिवळे पुस्तकच म्हणतात आणि चिनी भाषेत पिवळ्या रंगाचा शब्द याच अर्थाने रूढ आहे. न्यूयॉर्कच्या वृत्तपत्रांतून १८९० नंतरच्या दशकात निघालेली ‘पीत पत्रकारिता’ मराठीत आली ती सनसनाटीच्या अर्थाने. एकाच रंगाचे दोन शब्द मराठीने असे वाटून घेतले : तत्सम ‘पीत’ वृत्तपत्रासाठी, देशी ‘पिवळे’ लपवून वाचावयाच्या पुस्तकासाठी.

या शब्दाच्या वापरातही एक मेख आहे. ‘चावट’ या शब्दात लाडिक क्षमा असते. तो विनोदाला, दिराला, प्रसंगी नवऱ्यालाही लावता येतो. ‘पिवळे’ हे विशेषण माणसाला लागत नाही आणि ते बहुधा दुसऱ्याच्या हातातील पुस्तकालाच लावले जाते.

परंतु मराठीतील गाजलेले खटले ज्यांच्यावर झाले, त्यांनी काहीही लपविले नव्हते. र. धों. कर्वे यांनी १९२७ साली ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू केले आणि संततिनियमन व कामजीवन यांविषयी ते उघडपणे, स्वतःच्या नावाने लिहीत राहिले. वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरून १९३४ साली त्यांच्यावर खटला झाला. त्यांचे वकीलपत्र डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी घेतले. तरीही कर्व्यांना दंड झाला. बा. सी. मर्ढेकर यांच्या १९४७ सालच्या ‘काही कविता’ या संग्रहावरही अश्लीलतेचा आरोप आला; ते निर्दोष सुटले. ‘रंभा’च्या १९६२च्या दिवाळी अंकातील ‘श्यामा’ या कथेसाठी चंद्रकांत काकोडकर यांना सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागले. १९६९ साली ते दोषमुक्त झाले. त्याच वर्षी भारतीय दंडसंहितेच्या कलम २९२मध्ये दुरुस्ती होऊन विज्ञान, साहित्य, कला यांच्या हितासाठी केलेल्या लेखनाला अपवाद मिळाला.

आड नावाने किंवा निनावी निघणारी पिवळी पुस्तके या खटल्यांच्या इतिहासात जवळजवळ दिसत नाहीत. ज्याच्या मुखपृष्ठावर लेखकाचे नाव आणि पत्ता असतो, तोच कायद्याच्या हाती सहज लागतो. लपविलेले ते समाजाने रंगाच्या नावाखाली चालू दिले. स्पष्ट बोललेले मात्र न्यायासनापुढे उभे केले. त्यामुळे शरीराविषयी गंभीरपणे बोलण्याची जी भाषा कर्वे घडवू पाहत होते, तिला मराठीत घर मिळण्यास विलंब लागला. एका बाजूला न्यायालयाचे ‘अश्लील’, दुसऱ्या बाजूला कुजबुजीचे ‘पिवळे’, आणि मधली जागा बराच काळ ओस राहिली.

आता कागदाची जागा पडद्याने घेतली आहे. ज्याला पानच नाही त्याला पिवळे कसे म्हणावे, म्हणून हा शब्दही मागे पडत चालला आहे. त्याची नोंद करताना मराठीतील एक जुनी म्हण मात्र विसरता येत नाही : कावीळ झालेल्याला सारे जग पिवळे दिसते. कर्व्यांवर आरोप ठेवणाऱ्यांना त्यांच्या मासिकात जे दिसले, त्याचा उगम मासिकात किती आणि पाहणाऱ्याच्या दृष्टीत किती, हा प्रश्न या शब्दाबरोबर निकालात निघालेला नाही.